टोक धरा

कन्ना चौकात, दुपारी सव्वातीनला
डांबर चपलेला धरून ठेवत होतं
आणि मी घाईत होतो.
मीटर बघणारा माणूस घाईतच असतो,
कुत्र्याला आणि घरमालकाला, दोघांनाही तो नको असतो.

एकानं हात पुढं केला.
"साहेब, एवढं टोक धरा जरा."

मी धरलं.

हातात काहीच नव्हतं.
चिमटीएवढी हवा, तिलाही घाम.
तो मात्र मागं मागं सरकत गेला
दोन बोटांतनं काहीतरी सोडत,
मध्येच थांबून थुंकी लावत, पीळ देत,
थेट पंक्चरच्या दुकानापर्यंत,
आणि दुसरं टोक कय्यूमच्या हातात दिलं.
कय्यूमनंही घेतलं की!
आधी हात पुसले, मग घेतलं.

रस्ता अडला.
"काय बे, काय चाललंय?" म्हणत रिक्षा थांबली.
विड्या कारखान्यात द्यायला निघालेली बाई
डोक्यावरची पाटी सावरत, वाकून,
दोऱ्याखालनं गेली.
शाळेची पोरं वरनं उडी मारून गेली, दोनदोनदा.
मोटरसायकलवाला हॉर्न दाबतच आला,
पाय टेकून त्या नसलेल्या सुताकडं बघत राहिला
आणि निमूट गाडी वळवून बोळात शिरला.

आता तो खाली बसला. पाठ माझ्याकडं.
तोंडानं माग सुरू केला:
खटाक् ठक्, खटाक् ठक्,
मध्ये धोट्याची सुळकी,
मध्ये पट्टा घसरल्याची किरकिर.
एक बारकी पोरगी पळत येऊन
रिकाम्या मुठीतनं कांड्या पुरवत होती,
उशीर झाला की तो तिला तेलुगूत रागवायचा.
ती नाक उडवायची, पुन्हा पळायची.

तेवढ्यात माझा फोन वाजला.

खटाक्...
चौकातला सगळा आवाजच गेला.
तो मान न वळवता म्हणाला,
"साहेब, तुटला."

काय सांगू,
सरकारी डायरी काखेत धरून मी
भर उन्हात डांबरावर दोरा शोधला.
आणि सापडला, हो.
रसाच्या गाड्याच्या चाकाशी होता.
फुंकर मारून धूळ उडवली, आणून दिला.
त्यानं गाठ मारली, दातानं उरलेलं तोडलं.
लोक हसले. मीही हसलो, जरा उशिरा.

शेवटी त्यानं चादर झटकली
(पुढच्या रांगेनं डोळे मिटून घेतले)
आणि घडी घालून
पेरूवाल्या म्हातारीच्या मांडीवर ठेवली.
तिनं अंगठा आणि बोटात धरून पोत बघितला.
"रंग जाईल का रे?"
"रंगच नाही आजी, जाईल कुठनं?"
तिनं एक पेरू दिला. पोरीनं तिथंच खाल्ला.

पाठ मी कुठं बघितलीय, हे मला
अशोक चौक ओलांडल्यावर आठवलं.
राजेशम चिप्पा, घोंगडे वस्ती, तळमजला, चार माग.
अकरा वर्षं मी दारातनं आकडा ओरडायचो
आणि आवाजात बुडालेली ती पाठ
"हं" म्हणायची. तोंड कधी बघितलंच नव्हतं.
आकडे धावायचे तेव्हा.
मग एका दिवाळीला माग गेले, वजनावर.
तेव्हापासून मी तिथं
एक दिवा, एक पंखा लिहितो.

या महिन्यात पुन्हा गेलो.
अडतीस युनिट.
जमिनीत चौथऱ्यांचे बोल्ट अजून उभे,
त्यांच्यावर बनियन वाळत घातलेलं,
पोरगी गणिताच्या वहीवर डोकं ठेवून झोपलेली,
बंबात पाणी भरून ठेवलेलं, पाच दिवसांचं.

मीटर आतल्या भिंतीला आहे.
जाताना माझा पाय आपोआप
वीतभर वर उचलला गेला,
काहीतरी ओलांडावं तसा.

तो कोपऱ्यात बसून बघत होता. या वेळी समोरून.

"हं," म्हणाला.